‘द बेल्स’: मूकपटातील घुंगरांची पार्श्वभूमी

जेम्स यंग दिग्दर्शित ‘द बेल्स’ हा मूकपट 1926 मध्ये आला, तेव्हा त्याची कथा जवळजवळ साठ वर्षांची जुनी होती. एर्कमान-शात्रियाँ या जोडनावाने लिहिणाऱ्या दोन फ्रेंच लेखकांचे ‘ल ज्वीफ पोलोने’ हे नाटक तिचा उगम होय. फ्रान्सच्या आल्सास प्रांतातील माथियास हा प्रतिष्ठित सराईमालक हिमवर्षावाच्या रात्री एका पोलिश ज्यू व्यापाऱ्याचा सोन्यासाठी खून करतो. खून उघडकीस येत नाही. मात्र व्यापाऱ्याच्या बर्फगाडीचे घुंगूर माथियासला वर्षानुवर्षे ऐकू येत राहतात.

लिओपोल्ड लुईस याने केलेले इंग्रजी रूपांतर 25 नोव्हेंबर 1871 रोजी लंडनच्या लायसियम थिएटरात आले आणि तेहतीस वर्षांचा नट हेन्री आयर्विंग त्यातील माथियासच्या भूमिकेमुळे नावारूपाला आला. गप्पांच्या ओघात खुनाचा विषय निघतो, त्या वेळी तो वाकून बुटाचे बक्कल लावत असे आणि बोटे तिथेच थबकत. घुंगूर प्रेक्षकांनाही ऐकू येत, पण रंगमंचावरील इतरांना नाही. नाटकाची सारी किमया या एका योजनेत होती.

मूकपटाला नेमकी हीच योजना पेलणे अवघड होते. पडद्यासमोरच्या वादकांनी घंटा वाजवली, तरी ती संगीताचाच भाग वाटण्याचा संभव असे. अमेरिकन दिग्दर्शक डी. डब्ल्यू. ग्रिफिथने 1914 च्या ‘द अव्हेंजिंग कॉन्शन्स’ या मूकपटात, एडगर ॲलन पो या लेखकाच्या कथेतील, खुन्याला ऐकू येणाऱ्या धडधडत्या हृदयासाठी, एक तोड काढली होती: गुप्तहेराची टेबलावर आपटणारी पेन्सिल, ताल धरणारा पाय आणि घड्याळाचा लंबक यांची जवळून टिपलेली दृश्ये आलटून पालटून दाखवून त्याने ठोक्यांची लय डोळ्यांना जाणवून दिली. माझ्या मते हा प्रसंग आजही अंगावर येतो. त्याच चित्रपटाचा ‘सारे स्वप्नच होते’ हा शेवट मात्र पळवाट वाटतो.

‘द बेल्स’ने एकावर एक उमटवलेल्या दुहेरी प्रतिमांवर आणि माथियास झालेल्या लायोनेल बॅरीमोरच्या चेहऱ्यावर भिस्त ठेवली. मनातले ओळखणारा संमोहनकार मूळ कथेतलाच, पण येथे त्याचा चष्मा आणि उंच टोपी थेट 1920 च्या ‘कॅलिगारी’ या जर्मन मूकपटातील संमोहनकाराची आठवण करून देतात. ती भूमिका बोरिस कार्लॉफची आहे. ‘फ्रँकेन्स्टाईन’ या भयपटाने त्याला प्रसिद्धी मिळायला अजून पाच वर्षे होती, आणि हा मूकपट आज शोधून पाहिला जातो तोही बहुधा त्याच्यासाठीच.