मोदेनाचा कोतेकीनो: वेढ्याची कथा आणि घरची रीत

इटलीत 31 डिसेंबरच्या रात्री बहुतेक घरांत एक पदार्थ ठरलेला असतो. ताटात शिजवलेला अख्खा मसूर, त्यावर गुलाबी, वाफाळत्या सॉसेजच्या बोटभर जाड चकत्या. हे सॉसेज म्हणजे कोतेकीनो. तेच सारण आतड्याऐवजी डुकराच्या पुढच्या पायाच्या कातड्यात, खुरांसकट भरलं की त्याला झाम्पोने म्हणतात. दोघांचंही माहेर उत्तर इटलीतल्या एमिलिया-रोमान्या प्रांतातलं मोदेना शहर आणि त्याच्या आसपासचा मुलूख.

आपल्याकडे सॉसेज म्हटलं की गोव्याचं चोरीस आठवतं. व्हिनेगर आणि मिरचीत मुरवलेलं, वाळवलेलं, पावसाळाभर टिकणारं. कोतेकीनो त्याच्या अगदी उलट स्वभावाचा आहे. तो मुरवत नाहीत आणि फार वाळवतही नाहीत. ताजा भरतात आणि थोड्या दिवसांत शिजवून संपवतात. सारणात मांस आणि चरबी तर असतेच, पण खरा कारभार असतो बारीक वाटलेल्या कातडीचा. मंद आचेवर ही कातडी विरघळून चिकट, मऊसूत होते आणि सगळं सारण बांधून धरते. बाकी मीठ, मिरी, लवंग, जायफळ, दालचिनी आणि थोडी वाइन. मसाल्यांचं प्रमाण गावागणिक बदलतं आणि ते सांगायला कुणी फारसं उत्सुक नसतं.

याच्या जन्माची कथा मोदेनात कुणालाही विचारा, ती 1511 सालात सुरू होते. पोप ज्युलियस दुसरा (सिस्टिन चॅपेलचं छत मायकेलअँजेलोकडून रंगवून घेणारा तोच) फेराराचा ड्यूक आणि त्याच्या पाठीशी उभे असलेले फ्रेंच यांच्याशी लढत होता. वाटेत मिरांदोला नावाचं लहानसं तटबंदीचं गाव होतं. ते पिको घराण्याचं, आणि तिथला कारभार पाहत होती लुदोविको पिकोची विधवा फ्रांचेस्का त्रिवुल्झिओ. साठी उलटलेला पोप भर थंडीत, बर्फात स्वतः वेढ्यावर जाऊन बसला. खंदक गोठलेला होता. जानेवारीच्या उत्तरार्धात गाव शरण आलं. आतून वेशी पक्क्या बुजवलेल्या असल्याने पोप महाशय शिडी लावून तटावरून आत उतरले. इथपर्यंत इतिहास आहे.

पुढचा भाग लोककथेचा. गाव पडणार हे दिसू लागल्यावर, डुकरं शत्रूच्या हाती लागू नयेत म्हणून लोकांनी ती कापून टाकली. एवढ्या मांसाचं करायचं काय? तेव्हा पिकोंच्या एका स्वयंपाक्याने सुचवलं की मांस बारीक करून डुकराच्याच कातडीत आणि पायांत भरून ठेवा. झाला झाम्पोने, आणि त्याच्या पाठोपाठ कोतेकीनो.

कथा झकास आहे, पण मला ती पटत नाही. मांस टिकवायचंच होतं तर खारवलेली मांडी आणि खारवलेली चरबी हे उपाय त्या भागात शेकडो वर्षं घरोघर माहीत होते. ते सोडून, जे सॉसेज सगळ्यांत कमी टिकतं तेच वेढ्यातल्या लोकांनी शोधून काढावं, हे विचित्र वाटतं. मांस आतड्यात भरणं तर रोमन काळापासूनचं. शिवाय मोदेनाच्या कागदपत्रांत, बाजारभावाच्या याद्यांत कोतेकीनोचं नाव ठळकपणे दिसू लागतं ते 18व्या शतकात, म्हणजे वेढ्यानंतर दोनशेहून अधिक वर्षांनी. त्याआधी मोदेना प्रसिद्ध होतं ते वेगळ्याच सॉसेजसाठी. केशर आणि मसाले घातलेलं ते ‘पिवळं सॉसेज’ श्रीमंतांच्या मेजवान्यांत मानाने मिरवायचं. 18व्या शतकाच्या अखेरीस ते मागे पडलं आणि कोतेकीनो-झाम्पोनेने त्याची जागा घेतली.

मग हा पदार्थ आला कुठून? माझ्या मते त्याचं उत्तर पोपच्या छावणीत नाही, शेतकऱ्याच्या खळ्यात आहे.

पो नदीच्या या खोऱ्यात शतकानुशतकं जमीन अर्धेलीने कसली जायची. पिकाचा अर्धा वाटा मालकाचा. डुकराचं वर्ष ठरलेलं होतं: वर्षभर पोसायचं, नोव्हेंबरअखेरच्या संत आंद्रेच्या सणापासून 17 जानेवारीच्या संत अँटनीच्या सणापर्यंत, थंडी असेतोवर कापायचं. कापायला आणि भरायला कसबी माणूस बोलावत. इटलीभर त्याला नोर्चिनो म्हणतात, कारण या कामात उंब्रियातल्या नॉर्चा गावची माणसं पूर्वापार वाकबगार. हिवाळा आला की ती डोंगर उतरून रोमपर्यंत जात आणि सुरी चालवण्याच्या कौशल्यापायी शस्त्रक्रियाही करत. 1615 मध्ये पोप पाचव्या पॉलने त्यांच्या बंधुमंडळाला रीतसर मान्यता दिली होती.

मांड्या आणि चांगले भाग बहुधा विकले जायचे किंवा मालकाकडे जायचे. चरबी वितळवून वर्षभराच्या स्वयंपाकाला, कारण या भागात ऑलिव्ह तेलाचं राज्य नव्हतं. रक्ताचेसुद्धा पदार्थ व्हायचे. उरायची ती डोक्याची, मानेची, पाठीची जाड कातडी. ती नुसती खाणं कठीण, टाकून देणं त्याहून कठीण. बारीक करून, मांस-चरबीत मिसळून, मसाला लावून भरली की तिचा उत्तम पदार्थ होतो, हे कुणा एका हुशार माणसाला वेढ्याच्या रात्री सुचलं नसणार. ते पुष्कळ खळ्यांत, पुष्कळ हिवाळ्यांत सुचत गेलं असणार. ही अर्धेलीची पद्धत कायद्याने मोडायला 1964 साल उजाडलं. त्या सालापासून नवे करार बंद झाले, जुने पुढे बरीच वर्षं रेंगाळले.

शहरात या पदार्थाला प्रतिष्ठा दिली ती दुकानदारांनी. मोदेनात चरबी-सॉसेजवाल्यांचा संघ खाटकांच्या संघापासून वेगळा होता, आणि 19व्या शतकात जुझेप्पे बेल्लेन्तानी यांचं दुकान तिथलं नावाजलेलं. त्यांच्या गिऱ्हाइकांत संगीतकार रोसिनी होते. खाण्याचा शौक ऑपेराइतकाच गंभीरपणे करणाऱ्या या माणसाने 1853 च्या डिसेंबरात बेल्लेन्तानींना झाम्पोनेसंदर्भात पत्र लिहिलं. त्यात त्यांनी स्वतःला ‘पेसारोचा हंस’ आणि बेल्लेन्तानींना ‘एस्ते राज्यातल्या सॉसेजवाल्यांचा गरुड’ म्हटलं आहे. पेसारो हे रोसिनींचं गाव आणि एस्ते हे मोदेनाचं राजघराणं. सॉसेजवाल्याला याहून मोठी पदवी मिळणं अवघड.

इथे एक गोष्ट लक्षात घेण्याजोगी आहे. ‘आमच्या घराण्याची पाककृती’ म्हणून इटलीत जे सांगितलं जातं, त्यात सॉसेज घरी भरलेलं असतंच असं नाही. ते पूर्वीही नोर्चिनोच्या हातचं असायचं, नाहीतर दुकानातलं. आजीकडून आईकडे आणि आईकडून मुलांकडे गेली ती शिजवण्याची रीत. किती वेळ, कोणत्या भांड्यात, आणि सोबत काय. घराघरांत भांडणं होतात तीही याच मुद्द्यांवर.

रीत दिसायला सोपी आहे. ताज्या कोतेकीनोला सुईने किंवा टूथपिकने जागोजागी टोचायचं, सुती फडक्यात घट्ट गुंडाळायचं, गार पाण्यात ठेवून मग आच लावायची. पाणी कधीही खळखळू द्यायचं नाही, फक्त मधूनच एखादा बुडबुडा यावा. दोन-तीन तास लागतात. पाणी उसळलं तर आवरण फाटतं, चरबी बाहेर येते आणि हाती कोरडा चुरा उरतो. झाम्पोने आणखी नाजूक. तो रात्रभर भिजवायचा, खुरांच्या मधोमध चीर द्यायची म्हणजे फुगायला जागा मिळते, आणि आडवा मावेल अशा लांबट भांड्यात तीन-चार तास ठेवायचा. पहिलं पाणी मध्येच बदलावं की नाही यावर दोन पक्ष आहेत आणि दोघेही आपल्या आजीचा दाखला देतात. वाढायचं मात्र कढत असताना. गार झाला की तो ओठांना चिकटतो.

पेल्लेग्रिनो आर्तुसी यांनी 1891 मध्ये फ्लॉरेन्समध्ये पदरमोड करून छापलेल्या पाककृतींच्या पुस्तकात कोतेकीनोचा एक प्रकार आहे, तो या घरगुतीपणाचा पुरावाच म्हणावा लागेल. आर्तुसी रोमान्यातल्या फोरलिंपोपोलीचे, पेशाने व्यापारी, अविवाहित. पुस्तक गाजलं तशा गृहिणी त्यांना पत्रांतून पाककृती कळवू लागल्या आणि आवृत्तीगणिक पुस्तक वाढत गेलं. कोतेकीनोचं आवरण काढून त्याला गोमांसाच्या पातळ, रुंद कापात गुंडाळायचं, दोऱ्याने बांधायचं आणि लोणी, कांदा, गाजर, सेलरीवर परतून झाकून शिजवायचं, असं ते सांगतात. हा काही नाजूक, उंची पदार्थ नव्हे, पण घरच्या जेवणाला छान आहे आणि मित्रांनाही वाढता येईल, असं म्हणून ते मोकळे होतात. खाली उरलेला रस मॅकरोनीला लावा, ही सूचनाही आहे. मोदेनाकडे याच जातीच्या पदार्थाला ‘तुरुंगातला कोतेकीनो’ म्हणतात. त्यात मांसाच्या कापाआड हॅमचा थर असतो आणि शिजवायला तिथलीच लाल, फेसाळ लांब्रुस्को वाइन. मला स्वतःला मसुरापेक्षा हा प्रकार जास्त अस्सल वाटतो, पण तो करायला निम्मा दिवस जातो.

सोबतीला काय, याचं उत्तर प्रांतागणिक वेगळं आहे. कुठे बटाट्याचा लगदा, कुठे बीन्स, कुठे पालक, कुठे मक्याच्या पिठाची पोलेंता. क्रेमोनाकडे मोहरीचा झणका असलेला फळांचा मुरंबा. मोदेनात झाम्पोनेवर अंड्याच्या बलकाचं गोड झाबायोने वाढणारेही आहेत, त्यावर बाहेरचे लोक नाकं मुरडतात. ईशान्येला फ्रिउलीत याचा भाऊबंद मुझेत्तो, ज्यात डुकराच्या तोंडाकडचं मांस असतं. तो ब्रोवादासोबतच हवा. ब्रोवादा म्हणजे वाइनसाठी पिळलेल्या द्राक्षांच्या चोथ्यात आंबवलेले सलगम. आंबट, उग्र आणि त्या चरबीला अगदी साजेसे.

देशभर जिंकला तो मात्र मसूर. कारण त्याच्या आकारात आहे: चपटे, गोल दाणे नाण्यांसारखे दिसतात, म्हणून नव्या वर्षाच्या पहिल्या घटकेला जितके खाल तितका पैसा. प्राचीन रोममध्ये मसूर भरलेली चामड्याची थैली भेट देत, असंही सांगतात. मूळ कितीही जुनं असो, या जोडगोळीला अख्ख्या इटलीत पोहोचवण्यात कारखान्यांचा हात मोठा आहे. 20व्या शतकाच्या उत्तरार्धात आधीच शिजवलेला, हवाबंद पाकिटातला कोतेकीनो आला. पाकीट न फोडता गरम पाण्यात वीसेक मिनिटं ठेवा, काम झालं. 1999 मध्ये मोदेनाच्या कोतेकीनो आणि झाम्पोनेला युरोपीय संघाचं भौगोलिक मानांकन मिळालं. त्याची हद्द मोदेनापुरती नाही, शेजारच्या लोंबार्दी आणि व्हेनेतोपर्यंत पसरलेली आहे. मोदेनाजवळच्या कास्तेलनुओवो रांगोनेत तर चौकात डुकराचा ब्राँझचा पुतळा आहे आणि डिसेंबरात अवाढव्य झाम्पोने शिजवून गावभर वाटतात.

मसुरात मान आहे तो कास्तेल्लुच्चोच्या बारीक मसुराला. नोर्चिनोंच्या त्याच नॉर्चाच्या वर, सुमारे 1400 मीटर उंचीवरच्या पठारावर तो पिकतो. आधी न भिजवता शिजतो आणि साल सोडत नाही. 30 ऑक्टोबर 2016 च्या 6.5 तीव्रतेच्या भूकंपाने कास्तेल्लुच्चो जवळजवळ पूर्ण पाडलं, रस्ते तुटले. पुढच्या वसंतात शेतकऱ्यांनी ट्रॅक्टरचा ताफा घेऊन, बंदोबस्तात पठार गाठलं आणि पेरणी केली. पण हा मसूर थोडा आणि महाग. बाकीच्या घरांत थर्टी फर्स्टला जो शिजतो त्यातला बराचसा कॅनडाहून येतो, आपल्या बाजारातल्यासारखाच.