सॅन फ्रान्सिस्कोच्या आशियाई वस्त्यांमधले हेरिटेज वॉक : पार्श्वभूमी

ग्रँट अ‍ॅव्हेन्यू आणि कॅलिफोर्निया स्ट्रीट जिथे एकमेकांना छेदतात, तिथे चायनाटाउनचा जवळपास प्रत्येक हेरिटेज वॉक थांबतो. दोन कोपऱ्यांवर सिंग चाँग आणि सिंग फॅट या पॅगोडाच्या शिखरांच्या इमारती आहेत, समोर विटांचं जुनं सेंट मेरीज चर्च. लोक फोटो काढतात ते पॅगोडांचे. वास्तविक तिघांत सगळ्यात जुनं चर्च आहे, 1854 सालचं. पॅगोडा त्यानंतर अर्ध्या शतकाहून जास्त काळाने आले, आणि ते चीनमधून आले नाहीत. चांगला गाइड आणि नुसता पाठ म्हणून दाखवणारा गाइड यांतला फरक या कोपऱ्यावर कळतो.

सोन्याच्या शोधात आलेले चिनी लोक, रेल्वे आणि 1882 चा चिनी मजुरांना दार बंद करणारा कायदा हे सगळं बहुतेक वाचकांना माहीत असतं. त्या मानाने कमी बोलली जाणारी गोष्ट म्हणजे या वस्तीत ‘फिरवून आणण्याचा’ धंदा वस्तीइतकाच जुना आहे आणि त्याची सुरुवात सद्भावनेतून झालेली नाही. 1885 मध्ये शहराच्या कारभाऱ्यांनी चायनाटाउनचा एक अधिकृत नकाशा छापून घेतला. त्यात अफूचे अड्डे, जुगाराचे अड्डे, वेश्यावस्ती आणि देवळं वेगवेगळ्या रंगांत रंगवलेली होती. हेतू होता वस्ती किती नासलेली आहे हे सिद्ध करायचा. पण बाहेरच्या माणसाने इथे काय पाहायचं याची यादीही त्या नकाशाने ठरवून दिली, आणि पुढची तीसेक वर्षं गाइड तीच यादी दाखवत राहिले.

हे फेरफटके रात्रीचे असत. वाट दाखवणारे बहुधा गोरे, त्यांत काही माजी पोलीस. पैसे भरले की जिना उतरून तळघरात नेत, तिथे एखादा म्हातारा चिलीम ओढत पडलेला असे, आणि पुष्कळदा तो तिथे पडून राहण्याचेच पैसे घेत असे. याला तेव्हा ‘स्लमिंग’ म्हणत. लंडनच्या ईस्ट एंडमध्ये रुळलेला हा शब्द न्यूयॉर्कमार्गे अमेरिकाभर पसरला. धारावीतल्या पर्यटक-फेऱ्यांवरून मुंबईत जो वाद होतो, त्याचं मूळ याच शब्दात आहे. फरक इतकाच की धारावीत निदान मातीची भांडी आणि चामड्याचं काम दाखवतात. इथे दाखवायचं काम होतं ते पापाचं, आणि ते कमी पडलं तर उभं करून दाखवायचं.

1900 साली वस्तीत प्लेगचा रुग्ण सापडला आणि दोरखंड बांधून चायनाटाउन बंद केलं गेलं. हाँगकाँग, मुंबई, पुणे अशा क्रमाने आलेली हीच ती साथ. मुंबईत तयार झालेली हाफकिनची लस इथल्या चिनी लोकांना सक्तीने टोचायचा घाट घातला गेला तेव्हा लोकांनी दुकानं बंद केली, ते कोर्टात गेले आणि जिंकलेही. पुण्यात तीनच वर्षांपूर्वी काय झालं होतं हे आपल्याला माहीत आहे. फेरफटक्यांत हा प्रसंग क्वचितच येतो. त्यात दाखवायला इमारत नाही, हे त्याचं कारण असावं.

आता त्या कोपऱ्याकडे परत. 18 एप्रिल 1906 च्या भूकंपानंतर लागलेल्या आगीत चायनाटाउन जळून खाक झालं. राख निवण्याआधीच शहरातल्या बड्या मंडळींनी ठरवलं की बरं झालं, आता ही वस्ती शहराच्या मधोमध पुन्हा नको. तिला दक्षिणेला हंटर्स पॉइंटच्या चिखलवाटेला हलवायचं. त्यासाठी समितीही नेमली गेली. निर्वासित चिनी लोकांना एका छावणीतून दुसऱ्या छावणीत हलवत राहिले, आणि मागे पडक्या दुकानांतून वितळलेल्या वस्तू, चिनीमातीची भांडी खुशाल उचलून नेली गेली. उचलणाऱ्यांत बंदोबस्ताला ठेवलेले सैनिकही होते.

बेत फसला, पण कुणाला पाझर फुटला म्हणून नव्हे. चीनच्या राजदरबाराच्या प्रतिनिधींनी बजावलं की आमची वकिलात जुन्याच जागी उभी राहील. तिथल्या बहुतेक जमिनीचे मालक गोरे होते आणि चिनी भाडेकरूंकडून इतरांपेक्षा जास्त भाडं वसूल होत होतं, ते त्यांना सोडवेना. चीनशी चालणारा व्यापार दुसऱ्या बंदराने पळवला तर काय, ही धास्तीही होतीच. काही आठवड्यांत समितीचा विषय मागे पडला.

आणि मग तो निर्णय, ज्यावर आजही एकमत नाही. कॅलिफोर्नियातच जन्मलेल्या एका चिनी व्यापाऱ्याने पुढाकार घेतला. नव्या वस्तीचा चेहरा असा करायचा की शहराला ती हलवण्याऐवजी मिरवावीशी वाटेल. काम दिलं गोऱ्या वास्तुविशारदांना. त्यांनी त्या काळी अमेरिकेत सगळीकडे बांधत तशीच विटांची व्यापारी इमारत उभी केली आणि वर वळणदार छपरं, रंगीत सज्जे, पॅगोडा चढवले. पॅगोडा म्हणजे बौद्ध धार्मिक वास्तू. चीनमध्ये कुणी बाजारपेठेच्या माळ्यावर तो बांधत नाही. आपल्याकडे किराणा मालाच्या दुकानावर देवळाचं शिखर चढवावं, तसा हा प्रकार. या वस्तीतली बहुतेक माणसं दक्षिण चीनच्या खेड्यांतून आलेली होती. त्यांच्या गावात असलं काही नव्हतं.

टीकाकार म्हणतात, हा सौदा महागात पडला. गोऱ्यांच्या डोक्यातला चीन विटांत कायमचा बांधून दिला आणि पुढच्या पिढ्या त्या देखाव्यात राहिल्या. दुसरी बाजू म्हणते, देखावा नसता तर वस्तीच नसती. दोन्हींत तथ्य आहे, पण माझं माप दुसऱ्या बाजूला झुकतं. लॉस एंजेलिसचं जुनं चायनाटाउन रेल्वे स्टेशनसाठी पाडलं गेलं. त्यानंतर 1938 मध्ये तिथे जे नवं चायनाटाउन उघडलं त्याचा साचाही असाच पर्यटकांच्या नजरेसाठी घडवलेला होता, पण जुनी जागा गेली ती गेलीच. सॅन फ्रान्सिस्कोत जागा राहिली. ‘अस्सल की नकली’ हा प्रश्न या इमारतींना लावणं मला चुकीचं वाटतं. त्या अस्सल आहेत, फक्त त्या अमेरिकेतल्या चिनी माणसाच्या अडचणीच्या अस्सल खुणा आहेत. ‘शतकानुशतकांची चिनी वास्तुकला’ असं जो गाइड सांगतो, तो त्या व्यापाऱ्याची हुशारीच खोडून टाकतो.

रस्त्याचं नावही याच सुमाराला बदललं. बदनाम झालेल्या ड्यूपाँट स्ट्रीटचा ग्रँट अ‍ॅव्हेन्यू झाला. वस्तीतले वयस्क लोक अजून त्याला ‘डू पॉन गाय’ म्हणतात. (‘गाय’ म्हणजे रस्ता. मराठी कानाला गंमत वाटते.)

चेहरा बदलला तरी जुनी यादी लगेच मेली नाही. जमिनीखालच्या भुयारांची दंतकथा विशेष चिवट निघाली. आगीनंतर जमीन उघडी पडली तेव्हा सापडली ती साधी तळघरं, भुयारांचं जाळं नव्हे. तरीही 1915 च्या जागतिक प्रदर्शनात ‘अंडरग्राउंड चायनाटाउन’ नावाचा खेळ लागला. मेणाचे पुतळे, अफूबाज, कोयते वगैरे. चीनच्या प्रतिनिधींनी आणि स्थानिक व्यापाऱ्यांनी निषेध केल्यावर तो बंद झाला आणि थोड्याच दिवसांत ‘अंडरग्राउंड स्लमिंग’ या नावाने पुन्हा उघडला. म्हणजे आक्षेप फक्त पाटीतल्या एका शब्दाला होता, असं आयोजकांनी धरून चाललं! आजही फेरफटक्यात कुणीतरी भुयारांबद्दल विचारतंच.

पुढची चाळीस वर्षं वस्तीने स्वतःचा देखावा स्वतःच चालवला. 1909 मध्ये तीन छपरांचं टेलिफोन एक्स्चेंज उभं राहिलं. तिथल्या ऑपरेटर मुलींना नंबर सांगावा लागत नसे, नाव पुरे. 1949 मध्ये डायल आल्यावर ते बंद पडलं आणि पुढे तिथे बँक आली. 1925 मध्ये ड्रॅगनचे दिवे लागले. 1953 मध्ये नववर्षाची मिरवणूक बाहेरच्यांसाठी खुली झाली. कोरियात चीनशी युद्ध चालू असताना आम्ही अमेरिकेशी एकनिष्ठ आहोत हे दाखवण्याची गरज त्यामागे होती. बुश स्ट्रीटवरची कमान तर 1970 ची. ‘पुरातन’ म्हणून तिचा फोटो घेणाऱ्यांपैकी अनेकांचं वय तिच्याहून जास्त असतं.

इथवरची गोष्ट चायनाटाउनची. बाकीच्या वस्त्यांना असा सौदा करायची संधीच मिळाली नाही, आणि आजचे फेरफटके ज्या आवाजात बोलतात तो आवाज तिकडून आला.

जपानी वस्ती भूकंपानंतर वेस्टर्न अ‍ॅडिशन भागात सरकली होती. जपानशी युद्ध पेटल्यावर 1942 च्या वसंतात ती काही आठवड्यांत रिकामी केली गेली. माणसं आधी टॅनफोरानच्या रेसकोर्सवर, घोड्यांच्या तबेल्यांत, आणि मग यूटामधल्या टोपाझच्या छावणीत. युद्धानंतर काही परतली, तोवर ‘पुनर्विकास’ सुरू झाला. गियरी रस्ता रुंद करून वस्तीची एक बाजूच कापून काढली. घरं पाडलेल्या जागी 1968 मध्ये जपान सेंटर नावाचं दुकानसंकुल उघडलं, आणि त्याच्या चौकात ओसाकाने भेट दिलेला पाच मजली पॅगोडा. तो जपानी वास्तुविशारदाने काढलेला आहे, म्हणजे ग्रँट अ‍ॅव्हेन्यूवरच्या पॅगोडांपेक्षा ‘शुद्ध’. पण त्याच्या पायाखालून ज्यांची घरं गेली त्यांना त्या शुद्धतेचं काय करायचं होतं?

मनिलाटाउनचं तर रस्त्यावर नावही उरलं नव्हतं. कर्नी स्ट्रीटवर एकट्या फिलिपिनो पुरुषांच्या खोल्या, न्हाव्याची दुकानं, जुगाराचे क्लब अशी ती वस्ती. ती अर्थकचेऱ्यांच्या पसाऱ्याने गिळत आणली. शेवटी राहिलं इंटरनॅशनल हॉटेल. 1968 मध्ये पहिली नोटीस, आणि नऊ वर्षांच्या लढ्यानंतर 4 ऑगस्ट 1977 च्या पहाटे शेकडो पोलिसांनी मानवी साखळी तोडून म्हाताऱ्या भाडेकरूंना बाहेर काढलं. दीड वर्षाने इमारत पाडली आणि मग ती जागा वीसहून जास्त वर्षं खड्डा होऊन राहिली. ज्यासाठी माणसं हाकलली ते काहीच बांधलं गेलं नाही. 2005 मध्ये तिथे ज्येष्ठांसाठी 104 घरांची इमारत झाली, तळमजल्यावर मनिलाटाउनच्या आठवणींचं दालन.

साखळीत उभे असलेले बरेच जण विद्यार्थी होते. 1968–69 च्या विद्यापीठ-संपातून वांशिक इतिहासाचं शिक्षण सुरू झालं होतं, आणि त्या वर्गांतली मुलं कर्नी स्ट्रीटवर भाड्याच्या खोल्या, युनियन, पत्ते या भाषेत इतिहास शिकली. 1970 च्या दशकात कर्नीवरच्या एका हॉटेलच्या तिसऱ्या मजल्यावर चिनी सांस्कृतिक केंद्र उघडलं, आणि 1978 पासून शहरात स्वयंसेवक गाइडांचे विनामूल्य फेरफटके सुरू झाले. 1990 च्या दशकात चायनाटाउनमधल्या शाळकरी मुलांनी गल्ल्या झाडायला घेतल्या. झाडता झाडता त्या गल्ल्यांच्या गोष्टी गोळा झाल्या, आणि मुलंच पाहुण्यांना फिरवू लागली.

या फेऱ्यांत ग्रँट अ‍ॅव्हेन्यू ओलांडून पुढे स्टॉकटन स्ट्रीटला नेतात, जिथे स्थानिक लोक भाजी घेतात. वर बोट दाखवून खोल्या दाखवतात. आठ बाय दहाची खोली, त्यात अख्खं कुटुंब, संडास आणि स्वयंपाकघर सामाईक. गिरणगावातली चाळ ज्याने पाहिली आहे त्याला वेगळं समजवावं लागत नाही. काही मुलं त्याच खोल्यांत वाढलेली असतात, आणि आत मात्र कुणाला नेत नाहीत. एकोणिसाव्या शतकातल्या गाइडने नेमकं आतच नेलं असतं. रॉस अ‍ॅलीतला फॉर्च्यून कुकीचा कारखाना अजून सगळ्यांना हवाच असतो. ती कुकी मुळात जपानी, बनवणाऱ्यांना 1942 मध्ये छावणीत धाडल्यावर ती चिनी झाली, हे ऐकून पाहुणे हसतात आणि मग थोडे गप्प होतात.

2020 च्या सुरुवातीला, शहरात निर्बंध लागण्याआधीच, इथली गर्दी आटली. त्यानंतर वृद्धांवर हल्ले झाले आणि काही काळ स्वयंसेवक पर्यटकांऐवजी आजीआजोबांची सोबत करत याच रस्त्यांवरून चालले. फेब्रुवारी 2022 मध्ये शहराने पूर्वी केलेल्या अन्यायाबद्दल चिनी रहिवाशांची अधिकृत माफी मागितली.

भारतीयांचा भाग या सगळ्यात तुटक आहे, कारण त्यांची इथे सलग वस्ती झालीच नाही. भारताच्या स्वातंत्र्यासाठी परदेशातून लढणाऱ्या गदर चळवळीचं वृत्तपत्र 1 नोव्हेंबर 1913 रोजी याच शहरातून निघालं. पुढे चळवळीचं ठाणं 5, वुड स्ट्रीट या पत्त्यावर होतं. पांडुरंग खानखोजे आणि तळेगाव ढमढेऱ्याचे विष्णू गणेश पिंगळे ही त्या चळवळीतली मराठी नावं. पिंगळ्यांना नोव्हेंबर 1915 मध्ये लाहोरला फाशी झाली, म्हणजे ‘अंडरग्राउंड स्लमिंग’चं ते प्रदर्शन इथे चालू होतं त्याच वर्षी. खाडीपलीकडे बर्कलीत 2012 पासून दक्षिण आशियाई लोकांच्या बंडखोर इतिहासाचा एक फेरफटका निघतो. दाखवायला पॅगोडा नाहीत, बहुतेक ठिकाणी पाटीही नाही. त्यामुळे गाइड जुने फोटो हातात धरतात आणि फुटपाथवरच छोटे प्रवेश करून दाखवतात.