कंजूष म्हातारा गाऊ लागला की डोळे का भरतात?

'द मपेट ख्रिसमस कॅरल' हा १९९२ सालचा सिनेमा. इंग्रज कादंबरीकार चार्ल्स डिकन्सची १८४३ मधली गोष्ट, पात्रं बहुतेक कापडी बाहुल्या, आणि त्यांच्या गर्दीत एबेनेझर स्क्रूज झालेला हाडामांसाचा मायकेल केन. लंडनचा हा चिक्कू सावकार नाताळच्या आदल्या रात्री भुतांच्या तावडीत सापडतो आणि सकाळी सुधारून उठतो, एवढंच कथानक. पहिल्याच गाण्यात अख्खा रस्ता त्याच्या नावानं बोटं मोडतो. टोपलीतल्या भाज्यासुद्धा! तो मात्र गात नाही. भाबडा सिनेमा आहे, मान्य. तरीही शेवटी हाच माणूस सगळ्यांच्या सुरात सूर मिसळतो तेव्हा चांगली मोठी माणसं नाक ओढताना दिसतात.

या शेवटामागे एक गंमत आहे. सिनेमाच्या मध्यावर स्क्रूजची तरुणपणीची वाग्दत्त वधू त्याला सोडून जाताना एक विरहगीत गाते. शेवटच्या ओळींत म्हातारा स्क्रूज तिच्यासोबत गायचा प्रयत्न करतो आणि कोसळतो. सिनेमाची गाणी रचणाऱ्या पॉल विल्यम्सनं हीच चाल शब्द फिरवून शेवटच्या समूहगीतात परत आणली आहे. पण मुलं या संथ गाण्याला कंटाळतील असं डिस्ने स्टुडिओचे तेव्हाचे प्रमुख जेफ्री कॅट्झेनबर्ग यांना वाटलं, आणि थिएटरमधल्या प्रतींतून ते उडवलं गेलं. परिणाम असा, की आधीच्या गाण्याचा पत्ता नसताना एक उंदीर अचानक ढसाढसा रडताना दिसतो. बरीच वर्षं हरवलेलं त्याचं मूळ चित्रीकरण अखेर सापडलं आणि २०२२ मध्ये ते गाणं पूर्ण सिनेमासह पुन्हा बघायला मिळालं.

एक गाणं गेल्यानं काय बिघडतं? बरंच. मॉन्ट्रियलच्या मॅकगिल विद्यापीठातल्या संशोधकांनी २०११ मध्ये लोकांना त्यांचं आवडतं, अंगावर काटा आणणारं संगीत ऐकवत त्यांच्या मेंदूचं स्कॅनिंग केलं. डोपामिन हे सुखाच्या ओढीशी जोडलेलं मेंदूतलं रसायन दोनदा पाझरताना दिसलं, तेही मेंदूच्या दोन वेगळ्या भागांत: एकदा तो खास क्षण यायच्या थोडं आधी आणि एकदा प्रत्यक्ष त्या क्षणी. म्हणजे आनंदाचा निम्मा कारभार वाट पाहण्यातच होतो. चाल आधी कानावरून गेलेली असेल तरच मेंदू पुढचा सूर ताडू शकतो, आणि दुःखाची चाल आता सुखाचे शब्द घेऊन आली आहे हेही त्याला तेव्हाच कळतं. मधलं गाणं कापलं की शेवटच्या गाण्यामागची ही सगळी उधारी बुडते.

आता डोळ्यांतल्या पाण्याकडे वळू. अश्रुग्रंथींना रडण्याचा हुकूम प्रामुख्यानं शरीराला शांत करणाऱ्या परानुकंपी चेतासंस्थेकडून मिळतो. अंगावर काटा आणणारे, केसांच्या मुळाशी असलेले इवलेसे स्नायू शरीराला सज्ज करणाऱ्या अनुकंपी चेतासंस्थेच्या ताब्यात असतात. गाडीच्या ब्रेक आणि ॲक्सिलरेटरसारख्या या दोन यंत्रणा. पण गहिवरण्याच्या शिखरावर दोन्ही एकदम दाबल्या जातात. फ्रँकफर्टच्या माक्स प्लांक संस्थेतल्या गटानं २०१७ मध्ये प्रेक्षकांना हृदयस्पर्शी चित्रपटदृश्यं दाखवली आणि त्यांच्या त्वचेवर कॅमेरा रोखून काट्याची नोंद ठेवली. अश्रू आणि काटा एकाच वेळी आले, तेव्हा शरीरातली खळबळ सर्वांत जास्त होती.

पण हे सगळं सुखाच्या दृश्याला का? मानववंशशास्त्रज्ञ ॲलन फिस्क आणि त्यांच्या सहकाऱ्यांचं म्हणणं असं, की दुरावा अचानक मिटताना दिसला की आपण हेलावतो. मग ती गळाभेट आपली असो की पडद्यावरच्या परक्यांची. मला हे पटतं, कारण स्क्रूज सबंध सिनेमाभर चांगलाच असता तर शेवटी कुणाचा डोळाही ओला झाला नसता.

मानसशास्त्रज्ञ जॉनाथन हाइट आणि जेनिफर सिल्व्हर्स यांचा २००८ मधला प्रयोग याहून धीट आहे. अंगावर पाजणाऱ्या ४२ आयांपैकी काहींना माणसाच्या चांगुलपणाचं दृश्य दाखवलं, काहींना विनोदी. पहिल्या गटातल्या जवळजवळ निम्म्या आयांना पान्हा फुटला किंवा त्यांनी बाळाला पदराखाली घेतलं. विनोदी दृश्य पाहणाऱ्यांत असं अगदी थोड्याजणींचं झालं. दूध उतरण्यामागे ऑक्सिटोसिन हे हार्मोन असतं, तेव्हा चांगुलपणा पाहूनही तेच स्रवत असावं, असा त्यांचा तर्क. प्रयोग लहान होता आणि रक्तातलं ऑक्सिटोसिन त्यात मोजलेलं नव्हतं, हे विसरू नये. 'प्रेमाचं हार्मोन' असा शिक्का मारून या रेणूच्या नावावर वाटेल ते खपवलं जातं.

एकत्र गाण्याबद्दलचा पुरावा मला जास्त भरवशाचा वाटतो. स्वीडनमध्ये योटेबोरीच्या संशोधकांनी २०१३ मध्ये अठरा वर्षांच्या १५ मुलामुलींच्या हृदयाची गती गाताना नोंदवली. श्वास घेताना हृदय किंचित जलद चालतं, सोडताना मंदावतं. गाणाऱ्यांना श्वास ओळ संपल्यावरच घेता येतो, त्यामुळे सगळ्यांचा श्वास एकदम आणि त्यामागोमाग हृदयाची गतीही एकदम वरखाली होते. संथ मंत्रासारखं आवर्तन म्हणताना हे सर्वांत ठळक दिसलं. हरिपाठाला बसणाऱ्यांना यात नवल वाटणार नाही. (गणपतीतली आरती बेसूर असली तरी चालते, तेही बहुधा यामुळेच. श्वास तर एकत्रच घेतला जातो.)

मानसशास्त्रज्ञ रॉबिन डनबर आणि सहकाऱ्यांनी इंग्लंडमधल्या प्रौढांच्या वर्गांवर सात महिने लक्ष ठेवलं. काही वर्ग गाण्याचे, काही हस्तकलेचे, काही लेखनाचे. अनोळखी माणसांची गट्टी गाण्याच्या वर्गात सर्वांत लवकर जमली. मात्र सात महिन्यांअखेर बाकीचे वर्गही तितकेच जवळ आले होते. गाण्यानं ओळख पटकन होते, पण ती गाण्यानंच होते असं नाही. स्क्रूजच्या बाबतीत सिनेमा पहिल्या सकाळीच संपतो आणि पुढचे महिने दाखवायची वेळ येत नाही, ही दिग्दर्शक ब्रायन हेन्सनची चांगलीच सोय आहे.

राहता राहिल्या बाहुल्या. स्क्रूजचा कारकून झालेल्या कापडी बेडकासाठी रडताना ओशाळं वाटत असेल तर १९४४ मधला फ्रिट्झ हायडर आणि मारियान झिमेल या मानसशास्त्रज्ञांचा प्रयोग आठवावा. पडद्यावर फक्त दोन त्रिकोण आणि एक वर्तुळ सरकत होतं. तरी बघणाऱ्यांनी त्यांच्यात भांडण, दादागिरी आणि पाठलाग पाहिला. त्यामानानं बेडकाला निदान डोळे तरी आहेत.

आणि रडून हलकं वाटतं का? नेदरलँड्समध्ये झालेल्या एका प्रयोगात रडवणारे सिनेमे दाखवल्यावर प्रेक्षकांचा मूड मोजला गेला. रडलेल्यांचा मूड लगेचच घसरला, वीस मिनिटांत पूर्वपदावर आला आणि दीड तासानं आधीपेक्षाही बरा झाला. तेव्हा श्रेयनामावली सरकत असताना शेजारच्या रडव्या माणसाला 'बरं वाटलं ना?' असं विचारू नये. जेवणं आटोपली की विचारावं.