‘क्रियापद शेवटीच हवं’ हे अर्धंच खरं

“आलं का पोतं हळदीचं?” सांगलीच्या मार्केट यार्डात कुणी असं विचारलं, की चांगली शिकलेली माणसंही म्हणतात, हे अशुद्ध, मराठीत क्रियापद शेवटीच येतं. हा समज चुकीचा आहे. कर्ता-कर्म-क्रियापद हा मराठीचा नेहमीचा क्रम आहे, एकमेव नव्हे.

‘हमालानं पोतं उचललं’ म्हणा की ‘पोतं उचललं हमालानं’, उचलणारा हमालच. कारण ‘-नं’ हा प्रत्यय शब्दाबरोबर हलतो. बदलतो तो भर. मुद्दा आधी येतो, ऐकणाऱ्याला ठाऊक असलेलं मागून. इंग्रजीत मात्र ‘कुत्रा माणसाला चावला’ अशा वाक्यात नामांची अदलाबदल केली, तर कोण कुणाला चावलं तेच उलटतं. फ्रेंच बोलण्यात नाम वाक्याच्या शेवटी टाकतात, पण त्याच्या जागी सर्वनाम ठेवावं लागतं: ‘तो गेला, पिएर’ या धाटणीचं.

आपल्याकडेही सगळंच हलत नाही. ‘पोत्यावर’मधला ‘वर’ पोत्याच्या आधी जाणार नाही.

भाचीच्या वहीत ‘दिला मी आईला डबा’ हे वाक्य लाल शाईनं खोडलेलं पाहिलं, फार वाईट वाटलं. निबंधात नेहमीचा क्रम जरूर शिकवावा. पण शेरा ‘अशुद्ध’ असा होता. ‘हा बोलण्यातला क्रम’ एवढं लिहिता आलं असतं.