बर्नहार्ड लांगर

लांगर, बर्नहार्ड : (२७ ऑगस्ट १९५७ – ). जर्मन व्यावसायिक गोल्फपटू. अमेरिकेतील मास्टर्स स्पर्धेचा दोन वेळचा विजेता (१९८५, १९९३). एप्रिल १९८६ मध्ये गोल्फची अधिकृत जागतिक क्रमवारी सुरू झाली, तेव्हा तिच्यात पहिले नाव त्याचेच होते. जर्मनीत गोल्फ हा मूठभर श्रीमंतांचा खेळ समजला जाई. तिथून एवढा मोठा खेळाडू निघेल, अशी फारशी कोणाची अपेक्षा नव्हती.

त्याचा जन्म बव्हेरियातील आउग्सबुर्ग शहराजवळच्या आनहाउझेन या खेड्यात झाला. वडील गवंडी होते. दुसऱ्या महायुद्धानंतर युद्धकैदी म्हणून सायबेरियाकडे नेत असताना त्यांनी आगगाडीतून उडी टाकून सुटका करून घेतली होती. बर्नहार्ड आठ-नऊ वर्षांचा असताना आउग्सबुर्गच्या गोल्फ क्लबात इतरांच्या बॅगा वाहणारा कॅडी म्हणून जाऊ लागला. पैसे मिळत म्हणून गेला आणि खेळात रमला. १९७२ मध्ये शाळा संपताच त्याने म्यूनिकच्या क्लबात उमेदवारी पत्करली.

लांगरची कारकीर्द समजून घ्यायची तर त्याचे पटिंग, म्हणजे चेंडू हलकेच होलमध्ये ढकलण्याचे तंत्र, पाहावे लागते. ग्रीनवर, म्हणजे होलभोवतीच्या बारीक कापलेल्या हिरवळीवर, दोन-तीन फुटांवरून चेंडू होलमध्ये ढकलताना हात अचानक झटका खातात, मनगट ऐकत नाही. गोल्फपटू याला ‘यिप्स’ म्हणतात. भल्याभल्यांची कारकीर्द यात संपली आहे. लांगरला हा त्रास ऐन उमेदीत सुरू झाला आणि पुढे पुन्हापुन्हा उलटला. प्रत्येक वेळी त्याने पटर (पटिंगची काठी) धरण्याची पद्धतच बदलली. आधी जवळच्या पटसाठी त्याने डावा हात उजव्याच्या खाली घेतला. पुढे डावा हात दांड्यावर बराच खाली नेऊन उजव्या हाताने पटरचा दांडा आणि डाव्या हाताचा कोपरापुढचा भाग एकत्र आवळून धरायला सुरुवात केली. दिसायला ही पकड कमालीची बेढब होती, पण १९९३ ची मास्टर्स त्याने तिच्याच जोरावर जिंकली. शेवटी तो लांब दांड्याच्या पटरकडे वळला. २०१६ पासून पटर छातीला टेकवून खेळण्यास बंदी आली. त्यानंतरही लांगरने तोच पटर अंगापासून किंचित दूर धरून वापरला. काहींनी शंका घेतली, पण नियामक संस्थेला त्यात गैर आढळले नाही.

युरोपीय टूरवरील (युरोपातील व्यावसायिक स्पर्धांच्या मालिकेतील) पहिला विजय त्याला १९८० मध्ये डनलॉप मास्टर्समध्ये मिळाला. १९८१ मध्ये जर्मन ओपन जिंकणारा तो पहिला जर्मन ठरला. ही स्पर्धा त्याने एकूण पाच वेळा जिंकली. त्याच वर्षी इंग्लंडमध्ये यॉर्कजवळच्या फुलफर्ड मैदानावर चेंडू झाडाच्या बेचक्यात अडकला, तेव्हा गडी सरळ झाडावर चढला आणि तिथूनच फटका मारून चेंडू ग्रीनवर आणला. त्याच्या हिशेबी, संथ खेळावर नाके मुरडणाऱ्यांनी हा प्रसंग जरूर आठवावा. युरोपीय टूरवर त्याच्या नावावर ४२ विजय आहेत. याबाबतीत त्याच्यापुढे फक्त स्पेनचा सेवे बायेस्तेरोस आहे.

१९८५ च्या मास्टर्समध्ये शेवटच्या दिवशी आघाडीवर असलेल्या कर्टिस स्ट्रेंजने तेराव्या आणि पंधराव्या होलवर चेंडू पाण्यात घालवला. लांगरने ६८ फटक्यांत फेरी पुरी करून दोन फटक्यांनी बाजी मारली. १९९३ मध्ये मात्र कोणाच्या चुकीची गरज पडली नाही. अंतर चार फटक्यांचे होते. ब्रिटिश ओपन त्याला कधीच लाभली नाही. १९८१ आणि १९८४ मध्ये तो दुसऱ्या स्थानापर्यंत पोहोचला.

युरोप आणि अमेरिका यांच्यातील रायडर कप या सांघिक स्पर्धेत तो युरोपकडून दहा वेळा खेळला. १९९१ मध्ये किआवा आयलंड येथे शेवटच्या लढतीच्या शेवटच्या होलवर अमेरिकेच्या हेल अर्विनविरुद्ध सहा फुटांचा पट उरला होता. तो पडला असता तर सामना बरोबरीत सुटून करंडक युरोपकडेच राहिला असता. पट चुकला आणि अमेरिका १४½–१३½ अशी जिंकली. यिप्सने पोळलेल्या माणसाच्या वाट्याला नेमका हा पट यावा, हा दैवदुर्विलासच. पण पुढच्याच आठवड्यात श्टुटगार्टला त्याने प्लेऑफमध्ये (बरोबरीनंतरच्या निर्णायक खेळात) जर्मन मास्टर्स जिंकली. २००४ मध्ये त्याच्या नेतृत्वाखाली युरोपने ओकलंड हिल्स येथे अमेरिकेला १८½–९½ असे लोळवले.

इतरांची कारकीर्द मावळते त्या वयात त्याची दुसरी सुरू झाली. २००७ मध्ये पन्नाशी गाठताच तो अमेरिकेतील ज्येष्ठांच्या चॅम्पियन्स टूरवर उतरला. २०१४ ची सीनियर ओपन त्याने तब्बल १३ फटक्यांनी जिंकली. २०२३ मध्ये ६५ व्या वर्षी यूएस सीनियर ओपन जिंकून त्याने या टूरवरील ४६ वा विजय मिळवला आणि विक्रमही मोडला तो अर्विनचाच. २०२४ च्या आरंभी पिकलबॉल खेळताना टाचेची शीर तुटली. तरी त्याच वर्षी नोव्हेंबरमध्ये फिनिक्सला त्याने ४७ वा विजय नोंदवला. ज्येष्ठांच्या प्रमुख स्पर्धांतील त्याची १२ विजेतेपदे हाही विक्रम आहे. दरम्यान नोव्हेंबर २०२० मध्ये ६३ व्या वर्षी मास्टर्सचा कट, म्हणजे पहिल्या दोन फेऱ्यांनंतरची चाळणी, पार करणारा तो तोवरचा सर्वांत वयस्कर खेळाडू ठरला होता. २०२५ मध्ये त्याने या स्पर्धेचा निरोप घेतला, तेव्हा त्याचा कट अवघ्या एका फटक्याने हुकला.