‘त्यांची डॉक्युमेंटरी’ म्हणजे नेमकी कुणाची?

ठाण्यात आरक्षणावरचा किंवा दंगलींवरचा माहितीपट दाखवला की नंतरच्या चर्चेत कुणीतरी उठून म्हणतंच, ‘अमक्यांची डॉक्युमेंटरी एकांगी आहे.’ अमके त्यात असतात जेमतेम चार मिनिटं! हा घोळ आपल्या ‘ची’ प्रत्ययाचा. त्यांनी केलेली आणि ते ज्यात दिसले ती, दोन्ही ‘त्यांचीच’.

माहितीपटात भाष्यकार दोन प्रकारे दिसतो. एक मुलाखत देणारा, रोजच्या बातम्यांतला. मागे पुस्तकांचं कपाट, खाली नावाची पट्टी. त्यात समजावण्यासारखं काही नाही.

दुसरा असतो सूत्रधार. मॅट वॉल्श हे अमेरिकी भाष्यकार ‘व्हॉट इज अ वुमन?’ (२०२२) मध्ये लिंगओळखीबद्दल स्वतः लोकांना प्रश्न विचारत फिरतात. दिग्दर्शक जस्टिन फोक, तरी चित्रपट उभा आहे तो वॉल्श यांच्या भूमिकेवर. म्हणून नुसतं दिग्दर्शकाचं नाव बघून भागत नाही. मुंबईत जन्मलेले अमेरिकी भाष्यकार दिनेश डिसूझा यांनी तर ‘२०१६: ओबामाज अमेरिका’चं (२०१२) सहदिग्दर्शनही केलं आणि निवेदनही.

खरी मेख आहे ती प्रश्नाची. मी वाशीत संकलन करतो. एकदा आरक्षणावरची सत्तर मिनिटांची मुलाखत टेबलावर आली, वापरायची चार मिनिटं. त्यात मुलाखत देणारा म्हणतो, ‘हे आकडे खरे मानले तर मागणी टिकत नाही. पण मला ते आकडेच मान्य नाहीत.’ दिग्दर्शकाला पहिलंच वाक्य हवं होतं. भांडून दुसरंही ठेवलं, पण प्रश्न गेलाच. मुलाखत घेणाऱ्याचा आवाज बहुतेकदा काढूनच टाकतात. मग चारदा खोदून विचारल्यावर आलेलं उत्तर आपणहून ठोकलेल्या विधानासारखं ऐकू येतं. सूत्रधाराचं नेमकं उलट: त्याचा प्रश्न शाबूत, कात्री समोरच्याच्या उत्तराला.

तेव्हा मुलाखत देणाऱ्याला त्याच्या वाक्यांचा जाब जरूर विचारा. पण कुणाला घेतलं, कुणाला वगळलं, कुठल्या वाक्यानंतर कुठलं दृश्य लावलं, याचा जाब त्याला विचारू नका, कारण तयार फिल्म बहुतेकदा तोही आपल्याबरोबरच पहिल्यांदा बघतो. घोडबंदर रोडच्या सोसायट्यांच्या ग्रुपवर तीस सेकंदांचा तुकडा फिरवून त्यालाच झोडपतात, याचा मला खरोखर संताप येतो.

माझं मत ठाम आहे: प्रश्न ऐकू आलाच पाहिजे. आनंद पटवर्धनांच्या अयोध्येच्या वादावरच्या ‘राम के नाम’मध्ये (१९९२) कॅमेऱ्यामागून त्यांचे प्रश्न ऐकू येतात. तिथले पुजारी लालदास बोलतात तेव्हा ते कशाला उत्तर देताहेत, हे आपल्याला कळतं.