दगडातला शनिवार

आमच्या भावकीच्या व्हॉट्सअ‍ॅप ग्रुपवर परवा एक व्हिडिओ आला. शेवाळलेला शिलालेख, मागे बासरी आणि भारदस्त निवेदन: ऋषींनी खास घडवलेली ही देवभाषा, हिची अक्षरं दगडात कोरली की काळ बांधला जातो, आजवर ती कुणाला वाचता आलेली नाही. खाली नमस्कारांची रांग. खानापूरच्या मामांनी ‘सायन्सलाही मान्य आहे’ अशी भर घातली.

मी तो व्हिडिओ शेजारच्या बाईंना दाखवला. कन्नड शाळेतून निवृत्त झाल्यात त्या. त्यांनी चष्मा कपाळावर सरकवला, बोटांनी चित्र मोठं केलं आणि दुसऱ्या ओळीतलं ‘संवत्सरद’ सरळ वाचून दाखवलं. देवभाषा कसली, हळेगन्नड, म्हणजे जुनी कन्नड! तिच्या नातवाची, आजच्या कन्नडची, लिपी बेळगावात बसच्या पाटीवर रोज दिसते. आपण ती वाचत नाही, एवढंच.

‘काळ बांधला जातो’ हे मात्र डोक्यातून जाईना. कोरणाऱ्यांनी काळ खरोखरच बांधलाय, फक्त मंत्राने नव्हे, गणिताने.

आपल्याच गावचं उदाहरण घेऊ. बेळगावचं जुनं नाव वेणुग्राम. किल्ल्यातली कमल बस्ती, म्हणजे जैन मंदिर, ज्या काळात उभी राहिली त्याच काळातले, रट्ट राजा चौथा कार्तवीर्य याचे दोन दानलेख आज लंडनच्या ब्रिटिश म्युझियममध्ये आहेत. त्यांतली तिथी अशी: शक 1127, रक्ताक्षी संवत्सर, पौष शुद्ध द्वितीया, शनिवार, उत्तरायण संक्रांती, म्हणजे आपली मकरसंक्रांत. अभ्यासकांनी ती तेव्हाच्या ज्युलियन कॅलेंडरच्या 25 डिसेंबर 1204 ला बसवली.

एकाच दिवसाला इतकी नावं कशाला? आकडा एकच असता तर तो झिजला, चुकला किंवा कुणी मागाहून खोटा घातला तरी कळलं नसतं. इथे निरनिराळ्या गतीने फिरणारी चाकं एकमेकांत अडकवली आहेत. सात वारांचं चाक चंद्राला विचारत नाही. तिथीचं चाक वाराला विचारत नाही. साठ संवत्सरांना, म्हणजे पाळीपाळीने येणाऱ्या वर्षांच्या साठ नावांना, तर दोघांशीही देणंघेणं नाही. कुलपाचे सगळे आकडे जुळले तरच दार उघडतं, तसं हे.

करून बघू. आधी संवत्सर. दक्षिणेकडच्या पद्धतीत गत शकात, म्हणजे पूर्ण झालेल्या शकवर्षांत, 12 मिळवायचे आणि 60 ने भागायचं. दगडावरचा 1127 हा चालू शक धरला तर गत शक 1126. अधिक 12 म्हणजे 1138. त्यातून 60 चे पूर्ण फेरे, म्हणजे 1080, काढले की उरतात 58. प्रभव या पहिल्या संवत्सरापासून मोजलं तर अठ्ठावन्नावं संवत्सर रक्ताक्षीच. 1127 हा गत शक धरला असता तर पुढचं, क्रोधन, आलं असतं. म्हणजे लेख लिहिणारा चालू वर्ष मोजत होता, हेही दगडाने सांगून टाकलं.

आता वार. 25 डिसेंबर 1204 पासून 6 जानेवारी 2000 पर्यंत 290372 दिवस होतात. सातने भागल्यावर बाकी 5. 6 जानेवारी 2000 ला गुरुवार होता. पाच दिवस मागे या: बुध, मंगळ, सोम, रवि, शनि. शनिवार!

तिथीचं गणित जरा किचकट आहे. कंटाळा आला तर हा परिच्छेद सोडा, मी रागावणार नाही. चंद्र सूर्याच्या 12 अंश पुढे गेला की एक तिथी संपते. चंद्राचा वेग सारखा नसतो, म्हणून तिथी कधी 20 तासांतच आटोपते, तर कधी 26 च्या पुढे जाते. पण अमावास्येपासून अमावास्येपर्यंतचा सरासरी काळ 29.530588 दिवस. 6 जानेवारी 2000 च्या रात्री अमावास्या होती. तिथून मागे असे 9833 महिने मोजले की 23 डिसेंबर 1204 ची अमावास्या येते, तासांचा फरक इकडेतिकडे. मग 25 ची सकाळ म्हणजे द्वितीया. जमलं.

या कामात आपल्या मुरूडच्या शंकर बाळकृष्ण दीक्षितांचा मोठा वाटा आहे. 1896 मध्ये त्यांनी रॉबर्ट स्यूएल यांच्याबरोबर भारतीय पंचांगाची कोष्टकं छापली आणि शिलालेख वाचणाऱ्यांच्या हाती मापच आलं. कन्नड लेखांत ‘वड्डवार’ असा एक वार येतो. तो कोणता यावर वाद होता. तिथ्यांचं गणित केल्यावर तो शनिवार ठरला. शब्दकोशात न मिळालेला अर्थ चंद्राने सांगितला!

माझा लाडका भाग संक्रांतीचा. 1204 चा 25 डिसेंबर आजच्या कॅलेंडरप्रमाणे 1 जानेवारी 1205 होतो. आज आपण तिळगूळ वाटतो 14 किंवा 15 जानेवारीला. आपल्या संक्रांतीचं वर्ष ऋतूंच्या वर्षापेक्षा सुमारे 24 मिनिटांनी मोठं आहे, त्यामुळे साधारण 60 वर्षांत सण एक दिवस पुढे सरकतो. 820 वर्षांत साडेतेरा दिवस. हिशोब पूर्ण. सूर्य मात्र आजही 21-22 डिसेंबरलाच उत्तरेला वळतो. त्या दानाच्या दिवशीसुद्धा तो वळून दहा दिवस झाले होते.

अशा दानलेखांत काळाची धमकी असते, ती वेगळी. दान हिसकावणारा साठ हजार वर्षं विष्ठेतला किडा होईल. मामांना हा श्लोक मी मुद्दाम पाठवला.

मग गेल्या रविवारी बाईंना घेऊन आमच्या गावच्या देवळामागचा दगड बघायला गेलो. कुणीतरी भक्तीने ऑइल पेंट फासलाय, खालच्या निम्म्या भागावर शेंदूर. संध्याकाळची टॉर्च आडवी धरली तेव्हा सावलीत संवत्सराचं नाव आणि ‘बिदिगे’ एवढंच उमटलं. बिदिगे म्हणजे द्वितीया. शकाचा आकडा रंगाखाली. संवत्सर दर साठ वर्षांनी परत येतं, म्हणजे दोन-तीन शतकांत तीन ते पाच उमेदवार. महिना, पक्ष आणि वार दिसले असते तर बहुतेक एकच उरला असता. त्या ओळीवर पुजाऱ्याने नारळ फोडायचा खिळा ठोकलाय.